पैसा सुटतो का, ते बघा

प्रश्न मिरजेच्या एका गृहस्थांचा आहे. वय ३८, नोकरी कुपवाड एमआयडीसीत. पत्नी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका, मुलगी चौथीत. दोघांचे मिळून महिन्याला हातात ९५,००० येतात, त्यातून घराचा हप्ता २१,०००. ठेवी १४ लाखांच्या, सगळ्या गावाकडच्या एकाच पतसंस्थेत, शिवाय कपाटात दोन लाख रोख. ते लिहितात : "मला पैसा खर्च करवतच नाही. मुलगी वर्षभर सायकल मागतेय. परवडत नाही अशातला भाग नाही, पण दुकानापर्यंत जातो आणि परत येतो. बायको मला कंजूष म्हणते, मला ती उधळी वाटते. वडिलांची तासगाव तालुक्यात द्राक्षबाग होती, ती कर्जात गेली. आईच्या पाटल्या गहाण पडल्या, त्या सुटल्या नाहीत. आमच्यात चूक कोणाची?"

चूक कोणाची ते नंतर बघू. मी तेहतीस वर्षं लोकांच्या दारात पैसे मागायला जात होते, म्हणून आधी हाताबद्दल बोलते. १९८९ साली सांगलीत एका पतसंस्थेची पिग्मी, म्हणजे रोजची छोटी बचत, गोळा करायला लागले. हरभट रोड, मारुती रोड, कापड पेठ, शिवाजी मंडई असा रोजचा फेरा. ती संस्था पुढे बंद पडली, त्यावर येईनच. मग पोस्टाच्या आवर्ती ठेवीची एजन्सी घेतली आणि दुकानांच्या गल्ल्यापासून उठून लोकांच्या स्वयंपाकघरात गेले. इतक्या वर्षांत माणूस पैसे काढून देतो तेव्हा त्याच्या हाताकडे बघायची खोड लागली. एखादा नोट देण्याआधी दोन बोटांत चोळतो, मागे दुसरी चिकटून गेली तर नाही ना म्हणून. एखादा न बघता गल्ल्यात हात घालतो. एखादा चार दिवस "उद्या या" म्हणतो आणि पाचव्या दिवशी पाचही दिवसांचे एकदम देतो. हा हात कुठे शिकला असं विचारत गेलं, की बहुतेक वेळा माणसाच्या लहानपणच्या घरापाशी जाऊन पोचतं. त्या घरात पैसा किती होता याला फारसा अर्थ नसतो. तो कसा येत होता, कोणत्या वारी, कोणत्या महिन्यात, आणि येईल म्हटल्यावर खरंच येत होता का, यावर सगळं असतं.

मंडईतला पैसा रोजचा. पहाटे माल उचलायचा, संध्याकाळपर्यंत विकायचा. रात्री हातात जे उरतं त्यात उद्याच्या मालाचे पैसे वेगळे, आणि राहिले ते घरचे. अशा घरातली माणसं जाता-येता पोराला भजी घेऊन देतात, पाव्हणा आला की मटण आणतात, आणि बाहेरच्याला वाटतं, काय उधळी लोकं आहेत. पण भांडवलाच्या बटव्याला ती मेली तरी हात लावत नाहीत. आजचा खर्च झाला तर उद्या पुन्हा बाजार आहे, एवढा भरवसा त्यांच्या अंगात मुरलेला असतो.

पगाराचं घर निराळं. एसटीत, शाळेत, पाटबंधाऱ्यात नोकरी करणाऱ्यांच्या घरी पंचवीस तारखेला डबा रिकामा झाला तरी कोणी घाबरत नाही. एक तारीख काही चुकत नाही. तुम्ही पत्नीच्या माहेरचं काही लिहिलं नाहीत, पण तिचे वडील पगारदार असणार, यावर मी पैज लावीन.

साताऱ्याकडची, पाटण-जावळीची घरं मनिऑर्डरवर चालायची. बाप मुंबईत गिरणीत किंवा माथाडी, आणि गावात सगळं लक्ष पोस्टमनच्या सायकलीकडे. १९८२ च्या जानेवारीत गिरण्यांचा संप झाला आणि कित्येक घरांत ती सायकल थांबायची बंद झाली. तशा घरातली एक बाई विश्रामबागेत माझी खातेदार होती. नवरा बँकेत अधिकारी, सगळं व्यवस्थित, तरी हिच्याकडे कायम दोन महिन्यांचे तांदूळ जादा. पोरं हसायची. मी हसले नाही.

आणि तुमचं घर वर्षाच्या पैशाचं. त्यातही ऊसवाल्यांचं बरं असतं. कारखान्याकडे नोंद असते, दर (एफआरपी) आधी ठरतो, ऊस गेल्यापासून १४ दिवसांत पैसे द्यावेत असा कायदा तरी आहे. तो किती पाळला जातो हे वाळवा-पलूसकडचे लोक सांगतील, पण भांडायला कागद असतो. द्राक्षाला ना एफआरपी, ना चौदा दिवस. एप्रिलमध्ये खरड छाटणी, ऑक्टोबरमध्ये फळछाटणी, मध्ये औषधांच्या दुकानाची उधारी वाढत जाणारी. घड भरत आले की ढग येतात, दावण्या रोग पडतो, मग रात्री-अपरात्री फवारणी. एवढं करून माल उतरला तर व्यापारी चेक देतो, आणि तो चेक वटेपर्यंत घरात कोणी मोठ्यानं बोलत नाही. चेक वटला नाही म्हणून आत्महत्येपर्यंत गेलेली माणसं तुमच्या तालुक्यानं पाहिली आहेत. अशा घरातल्या दहा वर्षांच्या पोराला काय कळतं? हातात आलेला पैसा आपला नसतो, ते कोणाचं तरी देणं असतं, आणि आज चार रुपये सुटले तर ऑक्टोबरात ते कुठून आणणार?

तुम्ही सायकलच्या दुकानापर्यंत जाता आणि परत येता, ते त्या पोराच्या पायांनी. आता तुमचा पैसा दर महिन्याला येतो, पण हात अजून ऑक्टोबरची छाटणी धरून बसलाय.

माझा भाचा मानसशास्त्र शिकवतो. त्यानं मला एकदा अमेरिकेतल्या स्कॉट रिक नावाच्या अभ्यासकाच्या कामाबद्दल सांगितलं. या माणसानं सहकाऱ्यांबरोबर १३ हजारांहून जास्त लोकांकडून प्रश्नावली भरून घेतली आणि २००८ साली निष्कर्ष मांडले. त्यातली एक गोष्ट मला फार पटली. काटकसरी माणूस आणि कंजूष माणूस यांत त्यांनी फरक केलाय. काटकसरी माणसाला वाचवण्यात मजा येते, जुन्या साडीची गोधडी शिवली की त्याचा दिवस चांगला जातो. कंजुषाला वाचवण्यात काही आनंद नसतो, त्याला पैसे देताना दुखतं, इतकंच. त्याच अभ्यासकांनी पुढे जोडप्यांकडेही पाहिलं, तर पैसा न सुटणारा आणि पैसा न थांबणारा अशी माणसं एकमेकांशी लग्न करताना दिसली. दोघांनाही आपल्या स्वभावाचा कंटाळा आलेला असतो, म्हणून समोरचा आवडतो. नंतर पैशावरून जास्त भांडतातही तीच. म्हणजे तुमचं घर काही जगावेगळं नाही. (हे ऐकून भाच्याला मी म्हटलं, एवढं शोधायला अमेरिकेला कशाला जायला पाहिजे, खणभागात चार घरं फिरला असतास तरी चाललं असतं.)

चूक कोणाची हे मी अशा भांडणात बघत नाही. एकच बघते : पैसा ज्या दिवसासाठी ठेवला होता तो दिवस आला, तर सुटतो का? किती साठवला, कुठे ठेवला, व्याज किती, हे त्यानंतरचं.

तुम्ही तासगावचे, म्हणून बेदाण्यातच सांगते. सौद्यात दर पडला की शेतकरी माल कोल्ड स्टोरेजला टाकतो. बरोबरच आहे, घाईनं कशाला विकायचा. पण काहीजण दर चढला तरी काढत नाहीत, अजून चढेल म्हणतात. स्टोरेजचं भाडं चालू, माल हळूहळू काळपट पडतो, आणि पुढच्या वर्षीचा नवा बेदाणा बाजारात आला की जुन्याला कोण विचारतो. सांगलीच्या हळदीचंही तसंच. हरिपूरला जमिनीत खोल पेवं होती, आत हवा नाही म्हणून कीड नाही, हळद कितीही वर्षं राहायची. यापेक्षा सुरक्षित जागा नाही, असं आमच्या पेठेतले व्यापारी सांगायचे. २००५ च्या महापुरात कृष्णेचं पाणी त्या पेवांत उतरलं. ठेवलेल्या वस्तूलाही भाडं असतं, मग ती जमिनीत असो की बँकेत. तुमच्या कपाटातल्या दोन लाखांचं भाडं सांगते. महागाई वर्षाला सहा टक्के धरली, तर बारा वर्षांनी त्यात आजच्या एक लाखाचा बाजार येईल.

दोन खातेदारांबद्दल सांगते, नावं सांगत नाही.

एक मार्केट यार्डातला हमाल. सुरुवातीला रोज दहा रुपये, पुढे वीस भरायचा. पिग्मीचं व्याज नावापुरतंच असायचं, मोडलं तर तेही नाही. हा दरवर्षी जूनमध्ये पूर्ण रक्कम काढायचा. पोरांची वह्या-पुस्तकं, बायकोला एक साडी, घरावर घालायला प्लास्टिकचा कागद, आणि राहिले त्यात आषाढीला पंढरपूर. जुलैत खातं शून्यावर. आमचे मॅनेजर त्याला बघून कपाळाला हात लावायचे, "याचं कधी काही होणार नाही" म्हणायचे. मी तेरा वर्षं त्याचं कार्ड भरलं. या तेरा वर्षांत तो कोणाकडे उसने मागायला गेला नाही. त्याच पेठेत रोज दोनशे भरणारे अडते होते, त्यांच्या डोक्यावर त्याच संस्थेचं कर्ज असायचं.

दुसरी खणभागातली एक काकू. नवरा तापट, पैशाचा हिशेब त्याच्याकडे. या डाळीच्या डब्यात, जुन्या गादीत, देवाच्या फोटोमागे थोडे थोडे ठेवत गेल्या. ८ नोव्हेंबर २०१६ ला रात्री टीव्हीवर पाचशे-हजारच्या नोटा बंद झाल्याचं ऐकलं आणि दुसऱ्या दिवशी त्या माझ्याकडे आल्या. पदराखाली ८३,००० रुपये, सगळ्या त्याच नोटा. मी म्हटलं, काकू, एवढे कशासाठी? त्या आधी गप्प राहिल्या, मग तोंड उघडून दाखवलं. उजव्या बाजूच्या दाढा सगळ्या पडलेल्या. अकरा वर्षं एका बाजूनं जेवत होत्या. कवळी बसवायची म्हणून साठवायला लागल्या आणि साठवतच राहिल्या. पैसे तर कधीच पुरले होते. शेवटी मुलाला सांगावं लागलं, त्यानं आपल्या खात्यात भरले, आणि भरल्याबरोबर ते घराचे पैसे झाले. स्लॅब गळत होता, तो करून घेतला. काकूंनी "बरंच झालं की" म्हटलं आणि डाव्या बाजूनं जेवत राहिल्या.

काकूंना मी कधी कंजूष म्हणणार नाही. पण पैशाला नाव त्यांनी मनातच ठेवलं, आणि नावाशिवायचा पैसा उघड्यावर आला की ज्याचा आवाज मोठा, त्याचा होतो. हमालाच्या वीस रुपयांना नाव होतं, तारीखही होती, घरातल्या सगळ्यांना ती माहीत होती. म्हणून जूनमध्ये त्याचा हात थरथरला नाही.

त्या हमालाकडून मी एक गोष्ट उचलली. पिग्मीचं कार्ड देताना मागच्या बाजूला शिसपेन्सिलीनं लिहून द्यायचे : "फी, जून". "म्हैस, दिवाळीनंतर". "ताईचं बाळंतपण, माघ". मॅनेजरला हा पोरखेळ वाटायचा. पण ज्यांच्या कार्डामागे लिहिलेलं असायचं, ते मधेच मोडायला कमी यायचे आणि वेळ आल्यावर काढायलाही बिचकायचे नाहीत. तुमच्या १४ लाखांच्या मागे काय लिहिलंय? मला वाटतं, काहीच नाही. असेलच तर "बाग जाऊ नये म्हणून" असं काहीतरी असेल, आणि बाग तर गेली.

तर या रविवारी पत्नीबरोबर बसा, आणि त्या रकमेचे भाग पाडून प्रत्येकावर नाव घाला. पहिलं नाव माझ्या मते "पूर". सांगली-मिरजेच्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. नोकरी गेली, दवाखाना निघाला, कृष्णा वर आली, तर सहा महिने घर चालेल इतकी रक्कम. तुमचा हप्ता धरून घरखर्च साठेक हजार असेल, तर साधारण तीन लाख साठ हजार. याला हात लावायचा नाही, म्हणजे बाकीच्याला हात लावायला भीती वाटणार नाही. या नावाचं खरं काम हेच आहे. बाकीची नावं तुम्ही ठरवा. मुलीची दहावीनंतरची फी, आईचा मोतीबिंदू, काय असेल ते, पण प्रत्येकासमोर साल लिहा.

आणि एका भागाला "हौस" असं नाव द्या. तुम्हाला हे सगळ्यात जड जाईल, म्हणून लहान ठेवा. १४ लाखांवर सात टक्के धरलं तरी वर्षाला ९८,००० व्याज येतं. त्यातले २५,००० हौसेचे. ते वर्षाअखेर संपलेच पाहिजेत. उरले तर पुढे ढकलायचे नाहीत, कुणाला तरी देऊन टाकायचे. माझ्या एका खातेदारानं हा नियम लावला, आणि मार्चच्या एकतीस तारखेला नऊशे रुपये उरले म्हणून संध्याकाळी साऱ्या वाड्याला आंबा बर्फी वाटली. माणूस इतका अवघडला होता की पहिला बॉक्स देताना त्यानं झाकणच धरून ठेवलं होतं.

आता सगळे पैसे एकाच पतसंस्थेत आहेत, त्याबद्दल. इथे मी जरा कडक बोलणार.

माझी पतसंस्था बंद पडली, तेव्हा आधी शटर अर्धं उघडं राहायला लागलं, मग "सोमवारी या", मग कुलूप. संचालक कुठे राहतात हे लोकांना माहीत होतं, पण लोक माझ्या दारात आले, कारण रोज त्यांच्या हातातून पैसे मी घेतले होते. बांगड्या मोडून सात जणांचे दिले, बाकीच्यांचे देऊ शकले नाही. मारुती रोडची एक फुलवाली अजून मला बघून रस्ता ओलांडते. म्हणून सांगते. बँकेतल्या ठेवीला, मग ती सरकारी बँक असो की सहकारी, ठेव विमा महामंडळाचं संरक्षण असतं. ४ फेब्रुवारी २०२० पासून ते एका ठेवीदाराला एका बँकेत मुद्दल आणि व्याज मिळून ५ लाखांपर्यंत आहे, त्याआधी १ लाखच होतं. पतसंस्थेला हे संरक्षण नाही. बोर्डावर सहकारी लिहिलेलं आहे, इमारत चकचकीत आहे, अध्यक्ष आपल्या पाव्हण्यांतले आहेत, तरी नाही. पतसंस्था चांगल्याही असतात, मी वाईट म्हणत नाही. पण दीड टक्का जादा व्याजासाठी १४ लाख एका जागी ठेवणारा माणूस सायकलच्या दुकानातून परत येतो, हे मला मोठं गमतीचं वाटतं. भीती चुकीच्या खोलीत पहारा देत बसलीय. मुदत संपेल तशी ठेव काढा, दोन बँका आणि पोस्ट यांत वाटा, वारसाचं नाव प्रत्येक ठिकाणी लावा, आणि पावत्या कुठे आहेत हे पत्नीला दाखवा. त्यांना सगळ्या ठेवी माहीत आहेत, असं तुमच्या पत्रातून वाटत नाही.

रोख दोन लाखांचं मी एकदम उडवून लावणार नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये गावभागात, खणभागात पाणी शिरलं, वीज गेली, एटीएम बंद, मोबाइलला रेंज नाही. तेव्हा ज्याच्या खिशात नोटा होत्या त्यालाच दूध मिळालं. पण त्याच पुरात एका घरी मी भिजलेल्या नोटांना इस्त्री करणारी माणसंही पाहिली. पंधरा दिवसांचा खर्च घरात ठेवा, तोही वरच्या मजल्यावर. बाकीचे बँकेत.

घराच्या कर्जाचंही बघा. ठेवीच्या व्याजावर प्राप्तिकर लागतो आणि कर्जाचं व्याज तर पुरेपूर द्यावं लागतं. बदलत्या व्याजदराचं गृहकर्ज असेल तर आधी फेडलं म्हणून बँक दंड घेत नाही. तरीही ठेव मोडून कर्ज थोडं कमी करा म्हटलं की तुमच्यासारखी माणसं दचकतात, हे मला माहीत आहे. ढीग लहान झालेला बघवत नाही. आकडेमोड करून ठेवा, घाई करू नका.

तुमच्या पत्नीच्याच बाजूनं मी बोलतेय असं वाटत असेल, तर तसंही नाही. पगाराच्या घरातल्या माणसाची अडचण वेगळी. एक तारीख येते या भरवशावर पंधरा तारखेचं भान सुटतं. पूर्वी पाकिटातून नोट काढताना थोडं तरी टोचायचं. आता मोबाइल दाखवला की झालं, आणि भाजीवाल्याचा डबा मोठ्यानं ओरडून सांगतो, पैसे मिळाले. कोणाचे गेले ते तो डबा सांगत नाही. उपाय सोपा आहे. पत्नीच्या हातखर्चाचं वेगळं खातं ठेवा, महिन्याच्या सुरुवातीला ठरलेली रक्कम त्यात टाका आणि यूपीआय फक्त त्या खात्याला जोडा. रक्कम दोघांनी ठरवायची. पण एकदा ठरली की तुम्ही त्या खात्याचा हिशेब विचारायचा नाही. चपलेचा जोड आठशेचा कशाला, हा प्रश्न कायमचा बंद. आणि त्यांना हिशेब कळत नाही असं जर तुमच्या मनात असेल, तर म्हसवडची गोष्ट ऐका. माण तालुक्यातल्या बायकांसाठी चेतना सिन्हांनी बँक काढायचं ठरवलं, तेव्हा रिझर्व्ह बँकेनं पहिला अर्ज नाकारला, कारण प्रवर्तक बायका निरक्षर. त्या बायका लिहा-वाचायला शिकल्या, पुन्हा गेल्या, आणि व्याज तोंडी काढून दाखवतो म्हणाल्या, पाहिजे तर तुमच्या अधिकाऱ्यांना आमच्याबरोबर बसवा. १९९७ साली ती माणदेशी महिला बँक सुरू झाली. तुमची पत्नी तर वर्गात गणित शिकवते.

राहिल्या पाटल्या. तुमच्या चार ओळींच्या पत्रात तेवढंच एक वाक्य मी परत परत वाचलं : "गहाण पडल्या, त्या सुटल्या नाहीत."

विटा-आटपाडीकडची गलाईवाली माणसं देशभर सोनं-चांदी आटवायचा धंदा करतात. त्यांच्यातली एक सून मला म्हणाली होती, "आमच्याकडं कुणाच्या आजीची बोरमाळ असू द्या न्हाईतर कुणाची ठुशी, मुशीत गेली की निस्तं वजन उरतंय." आपल्याला सोन्याचं असं होत नाही. आपल्याला ते कुणाचा तरी हात वाटतं. आईचा हात रिकामा झालेला तुम्ही पाहिलात, आणि तेव्हापासून कोणाच्याही हातातून काही जायला लागलं की तुम्हाला तेच दिसतं. पण सावकाराच्या वहीपेक्षा निराळ्या बाजूनंही याकडे बघता येतं. साताऱ्यात कर्मवीर भाऊराव पाटलांच्या वसतिगृहात धान्य संपलं, तेव्हा त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी एकेक दागिना मोडला आणि शेवटी मंगळसूत्रही दिलं, ही गोष्ट आपल्या भागात शाळेच्या पोराला माहीत असते. लक्ष्मीबाईंचं सोनं बुडालं, असं कोणी म्हणत नाही. तुमच्या आईनं पाटल्या दिल्या तेव्हा घरात चूल पेटत होती की नाही? तुमची शाळा चालू राहिली की नाही? मग त्या त्यांच्या दिवशी कामाला आल्या. गहाणातून सुटल्या नाहीत हे खरं, पण आईच्या हातून सुटल्या, आणि अशा वेळी सुटणं किती अवघड असतं ते तुमच्याइतकं कुणाला कळणार. आई असतील तर त्यांना एकदा विचारा, देताना काय वाटलं होतं. तुम्ही समजता तसं कदाचित वाटलंही नसेल. त्यांना नव्या पाटल्या करायच्या मनात असेल तर "हौस" मधून नको, वेगळं नाव घालून करा, हॉलमार्क बघून घ्या, घडणावळ किती ते आधी विचारा.

सायकल मात्र "हौस" मधली पहिली खरेदी. एकटे जाऊ नका, मुलीला घेऊन जा, पैसे तिच्या हातात द्या आणि तिला काउंटरवर देऊ दे. आणि हिशेबच करायचा तर असा करा : चौथीतल्या मुलीला वीस इंची चाकाची सायकल बसते. अजून वर्ष-दीड वर्ष परत येत राहिलात तर चोवीस इंची घ्यावी लागेल, आणि ती महाग पडते.